सायरसला दिलेला शब्द

आयसेलिन, न्यू जर्सी
१८ एप्रिल २००४

चि. चारुदत्त यास ताईचे अनेक आशीर्वाद. वि. वि.

तुझं पत्र पोचलं. हॉलोवेल हाउसच्या अंगणातल्या तोफेला माझ्या वतीने हात लावून ये, असं तू लिहिलं होतंस. लावला नाही आणि आता लावणारही नाही. कारण पत्रातच लिहिते. तोफांनी तुझे कान नेले, त्यामुळे फोनवर नैना मध्ये उभी राहून माझं म्हणणं तुला ओरडून सांगणार, आणि तुझी लेक इतकी मऊ आहे की त्यातली धार वाटेतच जाईल.

त्या घरात मला व्हॉलंटियरचं काम मिळालं हे मी तुला मोठ्या कौतुकाने कळवलं होतं. नकुलच्या कंपनीचं तिथल्या हिस्टॉरिकल सोसायटीशी काम चालू आहे, त्या ओळखीने त्याने ते जमवलं. आई दिवसभर घरी बसून कंटाळते, म्हणून. नागपूरला आयुष्यभर इतिहास शिकवला, तेव्हा पाहुण्यांना चार खोल्या दाखवणं म्हणजे मला सुट्टीच होती. त्यांनी छापून दिलेली माहिती मी पाठ केली. जनरल एझ्रा हॉलोवेल, इंग्रजांशी झालेल्या युद्धात तोफखान्याचा प्रमुख, भर हिवाळ्यात नदीपार तोफा नेणारा. आणि त्याचा विश्वासू नोकर सायरस, जो जन्मभर आपल्या जनरलला सोडून गेला नाही. हे वाक्य म्हणताना माझा आवाज जरा भरून यायचा, आता सांगायला लाज वाटते.

आमच्या लायब्ररीत इंग्रजी बोलण्याचा वर्ग घेतात त्या लोरेटा टीसडेल तुला माहीत आहेत, मी लिहिलं होतं. शाळेच्या मुख्याध्यापिका म्हणून रिटायर झालेल्या, पंच्याहत्तरीच्या, काळ्या. आमची छान गट्टी आहे. मी त्यांना हौसेने टूरला बोलावलं. त्या आल्या, मागे उभ्या राहून सगळं ऐकलं, आणि ते नोकराचं वाक्य झाल्यावर मला शांतपणे विचारलं, "सुलभा, त्याला सोडून जायची परवानगी होती का?"

मला घरी सोडताना गाडीत त्यांनी सगळं सांगितलं. सायरस नोकर नव्हता, गुलाम होता. न्यू जर्सीत गुलाम होते हेच मला ठाऊक नव्हतं रे, मी ते सगळं खाली दक्षिणेत समजत होते. जनरलने त्याला शब्द दिला होता की युद्ध संपेपर्यंत तोफेवर राहा, मग तू मोकळा. तो शेवटपर्यंत राहिला. युद्ध संपलं, जनरल सत्कार घेत घरी आला, आणि सायरसला त्याने पुन्हा त्याच शेतात जुंपलं. पुढे त्याची एक मुलगी विकली. दुसरी मुलगी ही लोरेटाच्या घराण्याची मूळ बाई.

मला वाटलं, सोसायटीला हे माहीत नसेल. अध्यक्ष मिस्टर फॅरिंग्टन यांना जाऊन सांगितलं. त्यांनी मला कॉफी दिली आणि म्हणाले की हो, सगळं खरं आहे, आम्हाला पूर्वीपासून माहीत आहे, पण लोक इथे रविवारचे मुलांना घेऊन येतात, त्यांचा दिवस चांगला जायला हवा. माणूस खोटं बोलला असता तर मी एवढी पेटले नसते. त्यांना ठाऊक होतं, आणि तरी माझ्या तोंडी ते वाक्य दिलं.

कानांचं यंत्र वापरत जा. नैनाला आशीर्वाद. माझ्या रागाचा वाटा तुला दिला, मायेचा तुझा वाटा आहेच.
तुझी ताई


फ्रीमाँट, कॅलिफोर्निया
२ मे २००४

ती. सुलभाताईस चारुदत्तचा सा. न. वि. वि.

पत्र वाचलं. दोनदा वाचलं. स्पष्ट लिहितो, फौजी माणूस आहे.

ताई, तू ज्या देशात राहतेस त्या देशाच्या सेनापतीच्या घरात उभी राहून त्याचीच उणीदुणी काढायची हे मला पटलं नाही. हॉलोवेलची मोहीम आम्हाला तोफखाना शाळेत कोणी शिकवली नव्हती, मी इथे येऊन वाचली. गोठलेल्या चिखलातून तोफा कशा नेल्या असतील हे ज्याने तोफ ओढली त्यालाच कळतं. तो माणूस गनर होता आणि मीही गनर आहे. दोनशे वर्षांपूर्वीच्या माणसाला आजच्या कायद्याने उभं करायचं म्हटलं तर जगात एकही पुतळा उरायचा नाही.

आणि नकुलचा विचार केलास का? ज्या सोसायटीचं काम त्याच्या कंपनीकडे आहे तिच्याच अध्यक्षाशी तू वाद घालतेस. त्याने एवढं घर घेतलं आहे, हिमानीला सातवा महिना आहे. टीसडेलबाईंचं दुःख खरं असेल, पण ते मांडायला त्या समर्थ आहेत. त्यांच्या लढाईत आपण परक्यांनी का पडावं? आपण इथे नीट राहावं, नीट वागावं, मुलांच्या आड येऊ नये, एवढंच माझं म्हणणं.

तुला राग येईल. येऊ दे. रागावलीस तरी लिहायचं थांबवू नकोस.
तुझा
चारू


आयसेलिन
२३ मे २००४

चि. चारूस आशीर्वाद. वि. वि.

आला राग. तीन आठवडे पत्र लिहिलं नाही ते त्यामुळेच.

परवा एका शाळेची पाचवीतली मुलं आली होती. अंगणात एका मुलीने विचारलं की जनरल घोड्यावर होता तर तोफ कोण ढकलत होतं. चारू, शिक्षिकेला मुलाने सरळ प्रश्न विचारला की मला तरी तिरकं उत्तर देता येत नाही. मी सांगितलं. सायरसचं नाव सांगितलं, तो गुलाम होता हे सांगितलं, दिलेला शब्द सांगितला आणि तो मोडला हेही सांगितलं. मुलांनी नीट ऐकून घेतलं. त्यांच्याबरोबर आलेल्या एका आईने मात्र तक्रार केली. दुसऱ्या दिवशी फॅरिंग्टनसाहेबांनी मला बोलावून बॅज परत मागितला. आवाज न चढवता म्हणाले की तुम्ही या देशात पाहुण्या आहात, पाहुण्यांनी घरातल्या जुन्या गोष्टी उकरू नयेत. ग्रीन कार्ड पर्समध्ये होतं माझ्या. दाखवलं नाही, शोभलं नसतं.

हे मी सोसलं असतं. खरी गोष्ट पुढे आहे. त्या घराच्या मागे, झाडीच्या कडेला, एक पडीक तुकडा आहे. लोरेटाची आजी तिला लहानपणी तिथे नेऊन हात जोडायला लावायची. सायरस तिथे पुरला आहे, आणि त्याच्यासारखे बाकीचेही. थडगी नाहीत, नावं नाहीत, नुसते शेतातले दगड रोवले आहेत. लोरेटाच्या माणसांनी सोसायटीला कितीतरी वर्षं अर्ज केले. आता तिथे पार्किंग लॉट होणार आहे. आणि तो आखला कोणी? माझ्या मुलाने.

मी नकुलला विचारलं. ओट्याशी उभा राहून तो सँडविच खात होता. म्हणाला की सर्व्हेमध्ये तिथे दगड एवढंच लिहिलं आहे. मी म्हटलं, तू स्वतः तिथे फिरलास, तुला काय दिसलं?  तो एकदम चिडून म्हणाला की आई, हे काम गेलं तर घराचे हप्ते इतिहास भरणार नाही. तेव्हापासून आम्ही एकमेकांशी मीठ, दूध, कचऱ्याचा डबा एवढंच बोलतो. हिमानी बिचारी दोघांमध्ये अवघडून बसते.

तू म्हणतोस ही परक्यांची लढाई. लोरेटाने मला विचारलं होतं की तुमच्याकडचे त्या काळचे सेनापती कसे होते. मला खोटं बोलता आलं नाही. पुण्यात त्याच सुमारास बायका विकत घेतल्या जात, त्यांना कुणबिणी म्हणत, कोठारांत, पागांत, किल्ल्यांवर त्या मरेपर्यंत राबत, हे मी सांगितलं. पेशव्यांच्या तोफखान्यातल्या ज्या आपल्या पूर्वजाची तलवार तू दसऱ्याला पुजतोस, त्याच्या घरी पाणी कोण भरत होतं हे आपल्या दोघांना ठाऊक आहे का? त्या बाईचं नाव आपल्या घरात कधी कोणी उच्चारलं का? मी वर्गात पेशवाई शिकवली तेव्हा लढाया शिकवल्या. ही ओळ पुस्तकात नव्हती आणि मीही घातली नाही.

१७ जूनला टाउनशिपच्या प्लॅनिंग बोर्डासमोर पार्किंगची सुनावणी आहे. लोरेटा बोलणार आहे. मी तिच्या शेजारी बसणार आहे, समोर माझा मुलगा नकाशे घेऊन उभा असला तरी.

तब्येत सांभाळ. भांडायला मला धडधाकट भाऊ हवा.
ताई


फ्रीमाँट
५ जून २००४

ती. ताईस सा. न. वि. वि.

तलवारीचं तू लिहिलंस ते मला लागलं. दोन दिवस मी तुझ्यावर मनातल्या मनात तोफा डागत होतो. मग एक जुनी गोष्ट आठवली, ती लिहितो.

एकाहत्तर साली शकरगडच्या आघाडीवर माझ्या बॅटरीत, म्हणजे तोफांच्या तुकडीत, श्रीराम खोपडे नावाचा गनर होता. त्याची बायको बाळंत व्हायची होती. मी त्याला सांगितलं होतं की तोफ सोडू नकोस, हे संपलं की पहिली रजा तुझी. युद्धबंदी झाली आणि वरून सगळ्यांच्या रजा बंद झाल्या. मी ब्रिगेडपर्यंत जाऊन भांडलो, शिव्या खाल्ल्या, पण त्याला गाडीत बसवून दिलं. त्यात मोठेपणा काही नव्हता. आगीखाली उभ्या असलेल्या माणसाला आपण शब्द दिला की तो पाळायचा, नाहीतर पुढच्या वेळी त्याच्या डोळ्याला डोळा भिडवता येत नाही.

हॉलोवेलने आठ वर्षं आपल्या गनरला तोफेशी उभं केलं आणि मग त्याला विकत घेतलेल्या बैलासारखं परत नेलं. ताई, तुझा गुलामगिरीवरचा राग मला समजायला वेळ लागेल, मी तुझ्याइतका वाचलेला नाही. पण हे मला समजतं. तो अधिकारी नव्हता. त्याच्या कुशल नेतृत्वाबद्दल मी लिहिलेलं प्रत्येक वाक्य मागे घेतो. 

विमानाचं तिकीट काढलं आहे. सोळाला पोचतो. नकुल घ्यायला आला तर बरं, नाही आला तरी टॅक्सी करेन. ब्लेझर आणि मेडल्स आणतो आहे.

तुझ्या हातचा वरण-भात मिळेल एवढी आशा ठेवून,
चारू


आयसेलिन
१० जून २००४

ती. चारूमामांस सा. न. वि. वि.

मामा, तुम्ही येताय हे आईने सांगितलं. म्हणजे फ्रिजवर चिठ्ठी लावली. मी हे पत्र ऑफिसातून लिहितोय आणि आधीच माफी मागतो, कारण मी प्रचंड चिडलोय.

सगळ्यांनी मिळून मला व्हिलन केलंय. तो लॉट मला नको होता, क्लायंटला हवा होता. बॉसने साइट दिली, मी ड्रॉइंग केलं. आई म्हणते तुला काय दिसलं. काय दिसलं ते सांगू? दगड ओळीत आहेत. सगळ्यांची तोंडं पूर्वेकडे आहेत, इथल्या कबरींची असतात तशी. मी बॉसला सांगितलं तर तो म्हणाला की तू इंजिनिअर आहेस, आर्किऑलॉजिस्ट नाहीस, सर्व्हे काय म्हणतो ते बघ. त्यावर मी गप्प बसलो. इथे माझ्यासारख्याने पाच वर्षं गप्प बसूनच लायसन्स मिळवलंय, यार, सॉरी, मामा.

तुम्ही येऊन भाषण कराल, टाळ्या होतील, आणि परत फ्रीमाँटला जाल. मी आणि हिमानी इथेच असू, ऑगस्टमध्ये बाळ घेऊन. म्हणून विनंती आहे की येऊ नका. आलात तर एअरपोर्टवर येईनच, तेवढं मला कळतं.

राग मनात ठेवू नका, मीही ठेवणार नाही असं म्हणवत नाही.
तुमचा
नकुल


फ्रीमाँट
२७ जून २००४

ती. ताईस सा. न. वि. वि.

सुखरूप पोचलो. नैनाने मला विचारलं की मीटिंग कशी झाली. मी तिला सांगितलं की जिंकलो. पण ते म्हणताना मला बरं वाटत नव्हतं, म्हणून तुला लिहितो.

मला त्या हॉलमध्ये फारसं ऐकू येत नव्हतं, पण दिसत होतं. टीसडेलबाई उभ्या राहिल्या तेव्हा बोर्डावरचे लोक कागद चाळत होते. एकजण पेन उघडझाप करत होता. त्यांचा वेळ संपला तशी घंटा वाजवली. मग मी उठलो. त्या सगळ्यांनी माझ्या छातीकडे पाहिलं आणि सरळ बसले. माझ्या देशातली मेडल्स, त्यांना त्यातलं एकही ओळखता आलं नसेल. बोर्डाच्या अध्यक्षाने माझ्या सेवेबद्दल माझे आभार मानले. मी काय केलं होतं त्यांच्यासाठी? माझा वेळ संपल्यावर घंटाही कोणी वाजवली नाही.

मी शेवटी म्हणालो की मी तोफेवरचा माणूस, दगडांतलं मला कळत नाही, त्या जमिनीवर तुमचा इंजिनिअर फिरला आहे, त्याला विचारा. नकुलला मी आधी सांगितलं नव्हतं. ते मी जाणून केलं. नकाशे मांडण्यापूर्वी त्याने खरं सांगण्याची शपथ घेतली होती. त्याच्या ओठांवरून मला जेवढं वाचता आलं तेवढं आलं. तू मला नंतर लिहून दाखवलंस ते वाक्य मी खिशात ठेवलं आहे: "ते दगड माणसांनी ओळीने लावले आहेत. माझ्या मते त्या कबरी आहेत, आणि हे मी पूर्वीच सांगायला हवं होतं."

चार विरुद्ध तीन मतांनी पार्किंग दुसऱ्या बाजूला गेलं. बाहेर आल्यावर मी टीसडेलबाईंशी हात मिळवायला गेलो. त्या तुझ्याशी काहीतरी बोलल्या, माझ्याकडे न बघता, आणि गाडीत बसून गेल्या. मी तुला विचारलं तर तू म्हणालीस की थकल्या आहेत. ताई, तू मला लहानपणापासून खोटं सांगताना डाव्या बाजूला बघतेस. त्या काय म्हणाल्या ते लिही.

नकुलला म्हणावं, मामा फोनजवळ बसला आहे, ऐकू येवो न येवो.
चारू


आयसेलिन
७ नोव्हेंबर २००४

चि. चारूस अनेक आशीर्वाद. वि. वि.

उत्तराला फार उशीर केला. बाळाचं सगळं तुला हिमानीच्या फोटोंवरून कळतंच आहे. आश्लेषा रडते तेव्हा तुलासुद्धा ऐकू येईल.

नकुलला कंपनीने बाळ झालं त्याच महिन्यात काढलं. कारण काम कमी आहे असं सांगितलं. आता तो काउंटीच्या रस्ते विभागात लागला आहे, पगार पुष्कळ कमी. आम्ही बोलतो. पूर्वीसारखं नाही, पण बोलतो. एकदा तो म्हणाला की त्याला माझा नाही, स्वतःचाच राग येत होता, आणि तो काढायला मी जवळ होते.

लोरेटा काय म्हणाली ते तू विचारलंस. मी सांगितलं नाही, कारण तू इतक्या लांबून आला होतास आणि म्हातारा दिसत होतास. ती म्हणाली, "माझ्या लोकांनी चाळीस वर्षं हेच सांगितलं. तुझ्या भावाचा कोट पाहून त्यांना ते पहिल्यांदा ऐकू आलं. मी त्याचे आभार मानायचे का?"  तुझी चूक होती असं ती म्हणत नाही, मीही म्हणत नाही. पण तिचा राग खरा आहे, आणि तो तुझ्यापर्यंत पोचायला हवा. जिंकलो म्हणताना तुला बरं वाटत नव्हतं असं तू आपणहून लिहिलंस, म्हणूनच आज धीर करते आहे.

काल त्या जागेवर सोसायटीने पाटी लावली. बँड होता, निमंत्रणं होती, मलासुद्धा. फॅरिंग्टनसाहेबांनी मोठं मन दाखवल्यासारखं भाषण केलं आणि निळं कापड ओढलं. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या, आणि मग वाचलं. पाटीवर लिहिलं होतं: जनरल हॉलोवेल यांच्या विश्वासू सेवकांचं विश्रांतिस्थान. सायरसचं नाव नाही. त्याला दिलेल्या शब्दाचा उल्लेख नाही. बोर्डासमोर जे सगळं झालं, त्यानंतरही चारू, पुन्हा सेवक. माझे हात तसेच हवेत राहिले.

लोरेटा तिच्या माणसांबरोबर कडेला उभी होती. तिची पतवंडं होती, चर्चच्या पोशाखात. ती काठी टेकत पुढे आली. मला वाटलं आता बोलेल.  खाली पडलेलं कापड तिने उचललं, झटकलं, आणि पाटीवर परत घालायला लागली. बँड थांबला. फॅरिंग्टनसाहेब हसत हसत तिला अडवायला निघाले, जसं घरातल्या वेडसर म्हातारीला आवरतात तसं. पाटी उंच होती, तिचा हात एका बाजूला पोचला, दुसऱ्या बाजूला पोचेना.

नकुल माझ्या शेजारी बाळाला घेऊन उभा होता. त्याने आश्लेषाला माझ्याकडे दिलं, त्या सगळ्या लोकांमधून चालत गेला, फॅरिंग्टनसाहेबांच्या आणि लोरेटाच्या मध्ये उभा राहिला आणि कापडाचं दुसरं टोक धरून पाटी पुरती झाकली. मग दोघं तिथेच उभे राहिले. काढायला कोणी पुढे आलं नाही. थोड्या वेळाने लोक गाड्यांकडे जायला लागले.

आज संध्याकाळी मला लोरेटाकडे जायचं आहे. पाटीवर काय हवं ते तिने स्वतः लिहून ठेवलं आहे, तेच सोसायटीला द्यायचं. त्यांनी नाकारलं तर पुन्हा द्यायचं.

तिला तू पत्र लिही. आपल्याबद्दल काही लिहू नकोस, खोपडेबद्दलही नको. तिला फक्त सायरसबद्दल विचार.

थंडी सुरू झाली, छाती झाकून बाहेर पड. रागात आणि मायेत मी तुझीच,
ताई